‘चित्र मोड’ म्हणजे नेमके काय मोडायचे?

आमची धाकटी बहीण वाळपईला दिलेली आहे. बेळगावहून जांबोटी, कणकुंबी करीत चोर्ला घाट उतरला, केरी मागे टाकली की सत्तरी तालुक्याचे हे मुख्य ठाणे फार लांब राहत नाही. वर्षाकाठी एकदा तरी आमची तिकडे फेरी होते. यंदा मिरगाच्या तोंडावर गेलो. भाषेच्या प्रश्नावर लिहायला विषय शोधत होतो अशातला भाग नाही. चार दिवस फणस खावेत, भावोजींच्या पडवीत बसून पाऊस पाहावा एवढाच बेत होता. पण विषय आमच्या आधीच दिवाणखान्यात येऊन भिंतीवर टांगलेला होता.

गेल्या चतुर्थीला भावोजींनी पंचावन्न इंची स्मार्ट टीव्ही हप्त्यांवर घेतला. त्याला जोडून भाच्याचे गेम खेळण्याचे यंत्र. हे यंत्र वापरलेलेच घेतलेले आहे, पण त्याचे पैसे भाच्याचे स्वतःचे. घरच्या काजूच्या बागेत दोन हंगाम बोंडू गोळा करून, बिया सुटवून, वाळवून विकल्या तेव्हा ते जमले. पोर चौदा वर्षांचे. आणि आम्ही पोचलो त्या संध्याकाळी घरात वाद चालला होता तो हे यंत्र विकून टाकावे की काय, यावर. कारण सांगायचे तर ते चालत असूनही चालत नव्हते. मित्राच्या घरी लहानशा जुन्या पडद्यावर भाचा व्यवस्थित खेळे, इथे ह्या भल्या मोठ्या पडद्यावर प्रत्येक डाव हरे. ‘मामा, हांव आतां दामतां आनी तो मागीर उडकी मारता,’ असे तो रडकुंडीला येऊन सांगत होता. मी आता कळ दाबतो आणि तो पडद्यावरचा गडी नंतर उडी मारतो, अशी तक्रार.

दुकानदाराला फोन झाला होता. यंत्र जुने आहे, त्याचाच दोष असणार, असे त्याने परस्पर ठरवले. भावोजींनाही ते पटले. ‘दादा, मी आधीच सांगितलं होतं, वापरलेला माल घेऊ नको. वर परीक्षेचं वर्ष. आलेल्या पैशांत विकून टाकावं,’ ते म्हणाले. बहीण काही बोलली नाही, पण दोन उन्हाळे पोराच्या बोटांना काजूचा चीक लागून कातडी निघालेली तिने पाहिलेली होती.

आम्ही म्हणालो, भावोजी, विकायचे ते विका, पण आधी टीव्हीची सेटिंगे कोणी पाहिली आहेत का? तर ती कोणीच पाहिली नव्हती. सारे इंग्रजीत, शिवाय शब्द असे की इंग्रजी येणाऱ्यालाही अर्थ लागू नये. भाच्याला इंग्रजी वाचता येते, त्याची माध्यमिक शाळा इंग्रजीच आहे. पण वाचता येणे वेगळे आणि ‘शार्पनेस’ पन्नासवरून वीसवर नेला तर काय होईल हे कळणे वेगळे. तेव्हा आमच्यातला भाषाभिमानी जागा झाला. रिमोट हाती घेऊन आम्ही भाषांची यादी काढली. त्यात मराठी होती! कोकणी नव्हती, त्याबद्दल पुढे बोलू. मराठीवर बोट ठेवले आणि क्षणात सगळा पडदा देवनागरी झाला. खरे सांगतो, ऊर भरून आला. हयातभर पाट्यांवर, अर्जांवर, सातबाऱ्यांवर मराठी मागत आलेल्या सीमाभागातल्या माणसाला वाळपईच्या एका भिंतीवर न मागता ती मिळाली होती.

हा आनंद मिनिटभर टिकला. भावोजींचे वडील, म्हणजे भाच्याचे आजो, झोपाळ्यावरून उतरून चष्मा पुशीत जवळ आले. पोर्तुगीज अमदानीत देवळाच्या ओट्यावर भरणाऱ्या खाजगी मराठी शाळेत त्यांच्या इयत्ता झालेल्या. घरात बोलणे कोकणी, पण पोथी, हरिपाठ, वर्तमानपत्र सारे मराठीत. पडद्यावरचे पहिलेच वाक्य त्यांनी खड्या आवाजात वाचले : ‘चित्र मोड’. थांबले. खालचे वाचले : ‘गेम मोड’. मग आमच्याकडे वळून म्हणाले, ‘मोडपाक कित्याक सांगता तो? काल-परवां हाडलां न्ही तें!’

वाचकहो, हसू नका. आजोंनी वाचले ते शुद्ध मराठी वाचले. आपल्या भाषेत ‘मोड’ म्हणजे मोडून टाक, नाहीतर मटकीला येतात ते. ‘पिक्चर मोड’ हे इंग्रजीत ठीक. नागरीत उतरवताना ते आज्ञार्थी होते हे उतरवणाऱ्याच्या ध्यानी आले नाही, कारण तो वाचत नव्हता, उतरवत होता. त्याखाली आणखी मौज होती. ‘कॉन्ट्रास्ट’साठी ‘विरोधाभास’. हा तर आम्हाला शाळेत अलंकार म्हणून शिकवलेला! वरवर विरोध दिसतो पण वास्तविक नसतो, तो विरोधाभास. तो पंचेचाळीसवर ठेवायचा की साठावर, हे मम्मटालाही सांगता आले नसते. ‘ब्राइटनेस’ची ‘चमक’ झाली होती, ‘शार्पनेस’ची ‘तीक्ष्णता’. भाचा हळूच म्हणाला, ‘मामा, इंग्लिशच बरें आशिल्लें.’ ह्या एका वाक्याने आमची जेवढी मानहानी केली तेवढी कुठल्या सरकारी परिपत्रकाने केलेली नाही.

पण आता माघार कशी घ्यायची? बसलो. प्रत्येक नावामागे काय आहे ते शोधू लागलो. त्यात जे सापडले ते सविस्तर सांगण्याजोगे आहे, कारण असे टीव्ही आता घरोघर आहेत आणि अशी पोरेही.

पहिली गोष्ट उशिराची. जुन्या काचेच्या नळीच्या टीव्हीत चित्र आले की ते लगेच पडद्यावर उमटे, मध्ये थांबवून त्यावर काही करण्याची सोयच नव्हती. आताच्या संचात एक छोटा संगणक असतो. आलेले प्रत्येक चित्र तो आधी आपल्याकडे ठेवून घेतो. त्यातला कणकणीतपणा पुसतो, कडा उठावदार करतो, रंग चढवतो आणि मग पडद्यावर सोडतो. त्याहून मोठा उद्योग म्हणजे हालचाल गुळगुळीत करणे. चित्रपट सेकंदाला चोवीस चित्रांचा असतो. पडदा सेकंदाला साठ किंवा एकशेवीस चित्रे दाखवू शकतो. मग हा संगणक दोन चित्रांच्या मधली चित्रे स्वतःच्या मनाने काढतो. आता विचार करा, मधले चित्र काढायचे तर पुढचे चित्र आधी हातात यायला हवे. म्हणजे थांबणे आलेच. चित्रपट पाहताना हे थांबणे कळत नाही, कारण आवाजही तेवढाच थांबवून दोघांना बरोबर सोडतात. बातम्या एक दशांश सेकंद उशिरा दिसल्या म्हणून कोणाचे काही बिघडत नाही. पण खेळणाऱ्याचे बिघडते. त्याच्या बोटापासून डोळ्यापर्यंत एक फेरा पुरा व्हायचा असतो, आणि त्या फेऱ्यात हा मधला कारागीर हातात कुंचला घेऊन बसलेला असतो.

सेकंदाला साठ चित्रे म्हणजे एका चित्राच्या वाट्याला सुमारे १६.७ सहस्रांश सेकंद येतात. कारागिरी चालू असलेल्या संचात कळ दाबल्यापासून चित्र हलेपर्यंत शंभर सहस्रांश किंवा त्याहून अधिक वेळ जाऊ शकतो, म्हणजे सहा चित्रे उलटून जातात. गेमसाठीची सोय चालू केली की संच ही सारी कारागिरी बाजूला ठेवतो आणि हाच उशीर दहा-वीस सहस्रांशांवर येतो. मित्राच्या घरचा लहान पडदा साधा होता, त्याच्यात कारागीर नव्हता, म्हणून तिथे पोर जिंकत होते. दोष यंत्राचाही नव्हता आणि बोटांचाही नव्हता.

ही सोय आम्हाला चित्राच्या पानावर सापडली नाही. ‘चित्र मोड’खाली ज्वलंत, प्रमाणित, चित्रपट असे प्रकार होते, खेळाचा प्रकार राखाडी अक्षरांत, न निवडता येण्याजोगा. अर्धा तास गेला. शेवटी जोडलेल्या उपकरणांच्या पानावर, यंत्राची तार ज्या भोकात खोचली होती त्या भोकाच्या नावाखाली ती मिळाली. बहुतेक संचांत ही गोष्ट लक्षात ठेवावी : सेटिंगे पुष्कळदा भोकागणिक वेगळी असतात. एका भोकासाठी केलेला बदल दुसऱ्याला लागू होत नाही. नव्या संचांत आणि नव्या यंत्रांत हे आपोआप होते. २०१७ साली जाहीर झालेल्या एचडीएमआय २.१ ह्या प्रमाणात तशी तरतूद आहे, यंत्र स्वतःच टीव्हीला कळवते की आता खेळ सुरू झाला, कारागिरी आवर. पण जुन्या यंत्राला ही भाषा येत नाही. तिथे माणसानेच सांगावे लागते, आणि माणसाने सांगायचे तर त्याला नाव वाचून कळायला हवे.

सोय चालू करण्याआधी आजोंनी आम्हाला थांबवले. आजो देवळातल्या भजनात पखवाज वाजवतात. वयामुळे सप्ताहात आता रात्रभर बसत नाहीत, एवढेच. ‘तूं उडकी मार पळोवया,’ ते नातवाला म्हणाले. पोर कळ दाबी, तिचा टक् असा आवाज होई आणि मग पडद्यावरचा गडी उडे. आजो मांडीवर बोटांनी मात्रा धरून ऐकत-पाहत होते. सात-आठ उड्या झाल्यावर म्हणाले, ‘ठेको फाटीं पडटा रे.’ मग सोय चालू केली. पुन्हा टक्, पुन्हा उडी. आजोंनी चार वेळा मान हलवली आणि म्हणाले, ‘आतां समेर आयलें.’

आम्ही नंतर कागदावर हिशोब मांडून पाहिला. मिनिटाला २४० मात्रांची द्रुत लय धरली तर एक मात्रा पाव सेकंदाची होते. शंभर सहस्रांशाचा उशीर म्हणजे त्या मात्रेचे दोन-पंचमांश. पखवाजवाला एवढा मागे पडला तर टाळकरी वळून बघतील. दुकानदाराला जे कळले नाही, भावोजींना कळले नाही, आम्हाला कोष्टक मांडून कळले, ते ह्या गृहस्थाने मांडीवर मोजले. आणि महत्त्वाचे हे की त्याच्यापाशी त्याला शब्द होता. इंग्रजीत ‘लॅग’ म्हणतात त्याचे भाषांतर काय करावे म्हणून कोणी कोश धुंडाळत बसला असेल. इकडे सत्तरीच्या प्रत्येक भजनी मंडळात तो शब्द शंभर वर्षे वापरात आहे. ठेका मागे पडतो. लय रेंगाळते. समेवर येते.

पोराने त्या रात्री तीन डाव जिंकले. भावोजींनी विक्रीचा विषय काढला नाही. परीक्षेचा मात्र काढला.

आम्ही मात्र शब्दांपाशी अडकून राहिलो. दुसऱ्या दिवशी पावसाने वीज सारखी ये-जा करीत होती. जेव्हा होती तेव्हा आम्ही आणि भाचा एकेक सेटिंग फिरवून काय होते ते वहीत टिपत बसलो. त्यात ध्यानात आले की चूक केवळ मराठी करणाऱ्याची नाही. मूळ इंग्रजी नावेच खोटी आहेत. ‘ब्राइटनेस’ हे त्यातले सगळ्यात खोटे. उजेड वाढवायचा म्हणून माणूस ते वर नेतो, आणि होते काय, तर काळे राखाडी होऊन सगळे चित्र धुक्यात गेल्यासारखे दिसते. कारण ह्या नावाखाली पूर्वापार असलेली कळ चित्रातले काळे किती काळे हे ठरवते. उजेडाशी, म्हणजे पांढरे किती पांढरे ह्याच्याशी, संबंध आहे तो ‘कॉन्ट्रास्ट’चा. आणि पडद्यामागचा दिवा किती जळावा ह्याची कळ तिसरीच, तिला ‘बॅकलाइट’ म्हणतात. ही नावे नळीच्या टीव्हीच्या काळापासून चालत आली. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, रंगीत चित्र १९८२ साली आशियाई खेळांच्या वेळी आले, तेव्हाच्या संचांवरच्या गोल बटणांखाली हीच नावे कोरलेली असत. आमच्या पिढीने ती दहा वर्षे पिळली आणि चित्र बिघडवले. काही कंपन्यांनी अलीकडे नावे बदलली. ‘ब्राइटनेस’ मागच्या दिव्याला दिले आणि काळ्याच्या कळेला वेगळे नाव काढले. त्यामुळे एका घरातले शहाणपण दुसऱ्या घरात चालत नाही.

आता सांगा, जे नाव इंग्रजीतच फसवे आहे त्याला शब्दास शब्द ठेवून ‘चमक’ म्हटले तर फसवणूक मराठीत आली एवढेच झाले. उलट इथे मराठीला संधी होती. वस्तू बघून नाव ठेवले असते तर मराठी मेनू इंग्रजीपेक्षा सरस ठरला असता! आम्ही वहीत लिहिली ती नावे अशी : ब्राइटनेसला ‘काळोख’, कॉन्ट्रास्टला ‘पांढरा’, बॅकलाइटला ‘मागचा दिवा’. काळोखाची कळ कशी लावायची तेही नावातच आले. गेममध्ये अंधारी गुहा काढा, भिंतीवरचे दगड जेमतेम दिसू लागेपर्यंत काळोख उजळवा, मग एक पाऊल मागे या. त्याहून वर नेले तर गुहा उरत नाही, त्याहून खाली नेले तर शत्रू दिसत नाही.

‘तीक्ष्णता’ ह्या शब्दाने तर बरेच चांगले चांगले टीव्ही खराब दिसतात. तीक्ष्ण कोणाला नको? म्हणून माणूस शंभरावर नेतो. ही कळ चित्रात नसलेला बारकावा आणू शकत नाही. ती वस्तूंच्या कडेने पांढरी-काळी रेघ ओढते, इतकेच. गेमचे चित्र आधीच कोरीव असते, त्याला ह्या रेघा नकोत. ती खाली आणावी. कुठल्या संचात शून्याला ती पूर्ण बंद होते तर कुठल्यात मध्यावर, ते अक्षरांच्या कडेकडे बघून ठरवावे. आम्ही तिला ‘कडा’ म्हटले. रंगांचे म्हणाल तर दुकानात भडक दिसावे म्हणून संच ‘ज्वलंत’वर ठेवून विकतात, त्यात पांढरा निळसर असतो. चित्रे तयार करणारे ज्या पांढऱ्यावर काम करतात तो सुमारे ६५०० केल्व्हिनचा, डोळ्याला पहिल्यांदा पिवळट वाटणारा. ‘उबदार’ निवडले की त्याच्या जवळ जाता येते. आजोंना पहिल्या दिवशी तो जुनाट वाटला, तिसऱ्या दिवशी त्यांना त्याची सवय झाली. आणखी एक, चित्राच्या चारही कडा कापल्या जात होत्या. गुणांचा आकडा कोपऱ्यात अर्धाच दिसे. हेही नळीच्या काळचे दुखणे. नळीच्या कडा वाकड्या दिसत म्हणून चित्र थोडे मोठे करून कडा झाकीत. नळी गेली, झाकणे राहिले. आकाराच्या पानावर ‘पडद्याइतके’ अशा अर्थाचा पर्याय असतो तो निवडावा.

एचडीआर नावाचे आणखी एक प्रकरण आहे. त्यात गेम सुरुवातीलाच एक खूण दाखवतो आणि ती दिसेनाशी होईपर्यंत कळ फिरवायला सांगतो. कधी इंग्रजीत, कधी नुसत्या बाणांनी. हे आम्ही भाच्यावर सोपवले आणि त्याने ते आमच्यापेक्षा चांगले केले.

राहता राहिला तो ‘मोड’. त्याला काय म्हणावे? रीत? पद्धत? ‘खेळ पद्धत’ हे सरकारी वाटते. आम्हाला ‘बाज’ बरा वाटला. लावणीचा बाज, नाटकाचा बाज म्हणतो तसा चित्राचा बाज : खेळाचा, चित्रपटाचा, बातम्यांचा. बाज म्हणजे खाटही होते आणि ससाणाही, हे आम्हाला ठाऊक आहे. पण निदान कोणी मोडायला तरी उठणार नाही.

वस्तू बघून नाव ठेवण्याची परंपरा आपल्याला नवी नाही. छत्रपती शिवाजी महाराजांनी रघुनाथपंतांकडून राज्यव्यवहारकोश करवून घेतला तो फारसी शब्दांच्या दडपणातून कारभार सोडवण्यासाठी. महाराष्ट्र राज्य झाल्यावर भाषा संचालनालयाने पदनामांपासून शास्त्रांपर्यंत परिभाषा घडवली. त्यातले काही शब्द रुळले, पुष्कळ फायलींतच राहिले. पण आम्हाला ह्याबाबतीत आदर्श वाटतो तो क्रिकेटचा. षटकार, चौकार, यष्टिरक्षक, धावचीत, पायचीत हे शब्द बाळ ज. पंडित यांच्यासारख्या समालोचकांनी आकाशवाणीवरून घरोघर पोचवले. ते रुळले कारण बोलणारा खेळ डोळ्यांनी बघत होता, चेंडू पडायच्या आत शब्द तोंडातून बाहेर पडायला हवा होता आणि ऐकणारा मैदानावर नव्हता. ‘पायचीत’ला कोशाची गरज लागली नाही. टीव्हीच्या मेनूचे भाषांतर करणाऱ्याच्या हाती बहुधा नुसती शब्दांची यादी येते, पडदा समोर नसतो. ‘कॉन्ट्रास्ट’ हा शब्द कोठल्या कळेखाली आहे हे न दाखवता त्याचे मराठी मागितले तर तो बिचारा ‘विरोधाभास’च देणार.

सोवळेपणाचा आमचा आग्रह नाही, हेही सांगून टाकतो. गोव्यात राहून तो करताही येत नाही. चावी, पगार, परात, बिजागरी, फीत, घमेले हे सारे पोर्तुगीजांकडून आले आणि आज बेळगावपासून नागपूरपर्यंत कोणाला परके वाटत नाहीत. रिमोटला रिमोट म्हणावे, टीव्हीला टीव्ही म्हणावे. ते शब्द घरात आलेच आहेत आणि त्यांनी कोणाची फसवणूक केलेली नाही. आमची तक्रार फसवणाऱ्या शब्दांविरुद्ध आहे, मग ते संस्कृतातून आलेले असोत की लंडनहून.

आता कोकणीचे. यादीत मराठी होती आणि कोकणी नव्हती, हे वाचून काही मराठीप्रेमी वाचकांना बरे वाटले असेल. आम्हाला त्या घरात बसून तसे वाटले नाही. गोव्याच्या राजभाषा कायद्याने १९८७ साली देवनागरी कोकणी राजभाषा ठरवली आणि मराठीच्या वापराला मुभा ठेवली. १९९२ साली कोकणी घटनेच्या आठव्या अनुसूचीत गेली. त्या वादात पेडणे, डिचोली, सत्तरी ह्या तालुक्यांत मराठीच्या बाजूने किती माणसे उभी राहिली हे ह्या पानाच्या वाचकांना सांगायला नको. २०११ साली इंग्रजी माध्यमाच्या प्राथमिक शाळांना अनुदान देण्यावरून गोव्यात रान उठले तेव्हा मात्र मराठीवाले आणि कोकणीवाले एका मांडवात बसले होते. वाळपईच्या आमच्या घरात तर दोघी कायमच एका चुलीवर आहेत. आजोंनी वाचले मराठीत आणि अर्थ विचारला कोकणीत. पोराची तक्रार कोकणी, वहीतली टिपणे मराठी, गेममधल्या सूचना इंग्रजी. भिंतीवरच्या संचाला ह्यातली एकच अवस्था कळते : यादीतली एक भाषा निवडा, बाकीच्या विसरा.

आणि कोणी ती निवडतच नाही, हे खरे दुखणे. स्मार्ट टीव्हींत बऱ्याच ठिकाणी जी अँड्रॉइड प्रणाली चालते तिच्यात २०१४ च्या पाचव्या आवृत्तीपासून मराठी आहे. दहा वर्षे उलटून गेली. आमच्या ओळखीच्या किती घरांत टीव्ही मराठीत आहे? आम्ही परत येताना बसमध्ये बोटांवर मोजू लागलो आणि अंगठ्यावरच थांबलो. कायद्याचा धाकही नाही. वेष्टनावरची माहिती हिंदीत किंवा इंग्रजीत असली की २०११ च्या वजनमापाच्या नियमांचे समाधान होते. यंत्राच्या आत कोणती भाषा असावी ह्याविषयी ते नियम काही सांगत नाहीत. म्हणजे हे मराठी ज्याने कोणी घातले त्याने ते न सांगता घातले, आणि वाईट घातले तरी ते वाईट आहे असे त्याला कळवणारे कोणी नाही, कारण वापरणारा पहिल्या पानावरूनच ‘इंग्लिशच बरें’ म्हणून परततो. आमच्या भाच्यासारखा, आणि आम्हीही पहिल्या मिनिटाला परतणारच होतो.

म्हणून ह्या खेपेला एक केले. रविवारी दुपारी वीज आली तेव्हा भाच्याकडून त्या कंपनीच्या अभिप्रायाच्या पानावर मराठीतच लिहवून घेतले : ‘मोड’ म्हणजे आमच्याकडे मोडणे होते, ‘विरोधाभास’ हा अलंकार आहे, कृपया बदलावे. खाली आमची नावे सुचवली. उत्तर अजून आलेले नाही. वाचकांपैकी ज्यांच्याकडे असे संच आहेत त्यांनी आठवडाभर तो मराठीत ठेवून बघावा आणि जिथे अडखळायला होईल ते टिपून कंपनीला कळवावे, आम्हालाही कळवावे.

निघण्याच्या आदल्या संध्याकाळी आजोंना कुठल्यातरी वाहिनीवर भजन पाहायचे होते. त्यांनी स्वतः रिमोट घेतला, नातवाला विचारले नाही. चित्रपटाचा बाज लावला, मागचा दिवा थोडा उतरवला, आणि कडा जास्त वाटल्या म्हणून पुन्हा त्या पानावर गेले. सेटिंगे भोकागणिक वेगळी, त्यामुळे नातवाचे काही बिघडले नाही. रिमोटच्या पाठीवर भाच्याने एक चिठ्ठी डकवली होती, आमच्या वहीतली नावे आपल्या अक्षरात उतरवून : काळोख, पांढरा, मागचा दिवा, कडा, बाज. उशिरासाठी आम्ही ‘विलंब’ लिहिले होते. ते त्याने खोडून वर ‘मागीर’ असे लिहिले होते.

परवा बहिणीचा फोन आला होता. चोर्ल्यात दरड पडली म्हणून गाड्या खोळंबल्या होत्या. ‘दादा, आज बेळगावची बस मागीर आहे,’ ती म्हणाली. घरात आता असेच बोलतात म्हणे.